अपघाताची भरपाई : टक्का पायाचा आणि टक्का रोजीचा

हिवरा आश्रमचा एक टेलर आमच्याकडून अस्तर, दोरा, बटणे नेतो. वय ३८. बाजार करून परतताना ट्रकची धडक बसली आणि उजव्या पायाचा घोटा कायमचा निकामी झाला. डॉक्टरांनी दाखला दिला, पायाचे अपंगत्व ४० टक्के. पुढे कोणीतरी त्यास समजाविले की, हे एका पायाचे झाले, सबंध शरीराचे २० टक्केच भरते, तेवढ्यावर तडजोड करून मोकळा हो. तो सहीला तयारही झाला होता. आम्ही थांबविले. त्या निमित्ताने जी माहिती मिळाली ती कारागीर बांधवांपुढे ठेवीत आहोत.

समजाविणाऱ्याचे म्हणणे अर्धेच खरे. एका अवयवाचा टक्का सबंध शरीराला लावता येत नाही हे बरोबर. परंतु सर्वोच्च न्यायालयाने २०१० च्या निकालात पुढची पायरी सांगितली आहे : त्या अपंगत्वाने त्या माणसाची कमाई किती घटली, हे पाहावयाचे. डावा हात गेला तर अपंगत्व साधारण ६० टक्के. पण तो सुतार किंवा ड्रायव्हर असेल तर कमाई जवळजवळ पूर्ण बुडते, सरकारी कारकुनाची नोकरी मात्र टिकू शकते. कधी टक्का खालीही येतो, हेही ध्यानात असावे. टेलरला विचारले जाईलच, मशीनला मोटार का लावत नाही? मोटारीलाही पाय दाबावाच लागतो, पण हे कोर्टात सांगावे लागेल.

आता हिशेब पाहा. महिना १०,००० म्हणजे वर्षाचे १,२०,०००. स्वतःचा धंदा व वय चाळिशीच्या आत असल्याने पुढील वाढीचे ४० टक्के धरून १,६८,०००. ३६ ते ४० वयाला गुणक १५, एकूण २५,२०,०००. याचे २० टक्के ५,०४,००० होतात. कमाईचे नुकसान ५० टक्के ठरले तर १२,६०,०००. दवाखान्याचा खर्च, बसून काढलेल्या महिन्यांची मजुरी, वेदना, पुढील उपचार हे निराळे. म्हणून औषधाची एकेक पावती जपावी. सरकारी मदत मिळाली तरी दावा वेगळाच असतो.

कमाईचा पुरावा ही आपल्या लोकांची खरी अडचण. २०१४ साली कर्नाटकातील एका भाजीविक्रेत्याचे उत्पन्न सर्वोच्च न्यायालयाने कागद नसताना महिना ६,५०० धरले. तरी कागद असलेला बरा. आमच्या उधारीच्या वहीत या टेलरच्या नावे दर महिन्याला किती माल गेला ते लिहिलेले आहे. त्यावरून त्याचे काम कळते. साक्षीला जायचे म्हटले की आम्ही व्यापारी अंग चोरतो, हेही खरे. दुकान बंद राहते ना!

१ एप्रिल २०२२ पासूनच्या तरतुदीनुसार अपघातापासून सहा महिन्यांत दावा दाखल करावा लागतो. अपघात परजिल्ह्यात झाला तरी आपण राहतो त्या भागाच्या मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात तो करता येतो. आमच्या टेलरचे चार महिने सरले आहेत. वहीची ती पाने आम्ही वकिलाकडे पोचती केली असून तारीख लागली की साक्षीलाही जाणार आहोत.