बेस दणदणीत हवा आणि गेममधली पावलंही ऐकू यायला हवीत: वायरलेस हेडफोन निवडताना काय बघाल?

हेडफोन घ्यायला ऑनलाइन दुकानात शिरलात की दर दुसऱ्या खोक्यावर 'एक्स्ट्रा बेस', 'डीप बेस', 'पंची बेस' असं काहीतरी लिहिलेलं दिसतं. शेजारी ४० मिमी ड्रायव्हर, गेमिंग मोड, इतके तास बॅटरी असे आकडे. स्वस्त असो वा महाग, दावा सगळ्यांचा सारखाच. मग हेडफोन घरी येतो, गाणी झकास वाजतात. पण संध्याकाळी मित्रांबरोबर बीजीएमआय खेळायला बसलं, की गोळी लागून गेल्यावर तिचा आवाज कानात येतो. बोलायला माईक चालू केला, तर बेसच गायब होतो.

हेडफोन खराब आहे असं वाटतं. बहुतेक वेळा तो खराब नसतो. गाणी आणि गेमिंग या दोन कामांना हेडफोनकडून वेगवेगळ्या गोष्टी लागतात आणि खोक्यावर त्यातलं फारसं काही लिहिलेलं नसतं. पैसे घालण्याआधी त्या गोष्टी समजून घेऊया.

बेस म्हणजे नक्की काय?

माणसाच्या कानाला साधारण २० ते २०,००० हर्ट्झपर्यंतचे आवाज ऐकू येतात. हर्ट्झ म्हणजे सेकंदाला होणारी कंपनं. यातला २० ते २५० हर्ट्झच्या आसपासचा पट्टा म्हणजे बेस. बेस गिटारची सर्वांत जाड तार साधारण ४१ हर्ट्झवर वाजते. आपल्याकडचं उदाहरण घ्यायचं तर विसर्जन मिरवणुकीतला ढोल म्हणजे बेस आणि ताशा म्हणजे वरचा पट्टा. मिरवणूक दोन गल्ल्या लांब असताना आधी ढोल ऐकू येतो, ताशा जवळ आल्यावर कळतो. खालच्या आवाजाच्या लहरी लांब असतात, त्या भिंतींना वळसा घालून येतात. ५० हर्ट्झच्या आवाजाची एक लहर जवळपास ७ मीटर लांब असते.

या पट्ट्याचेही दोन भाग आहेत. ६० हर्ट्झच्या खालचा खोल बेस ऐकू येण्यापेक्षा जास्त जाणवतो. सिनेमातला स्फोट, इलेक्ट्रॉनिक गाण्यातली घरघर तिथली. त्याच्या वरचा बेस म्हणजे ढोलकीचा, ड्रमचा ठोका. स्वस्त 'बेसवाले' हेडफोन बहुतेक वेळा हा वरचा भागच फुगवतात, कारण खोल बेस नीट वाजवणं कठीण असतं. १०० ते २५० हर्ट्झचा भाग फुगला की तो गायकाच्या आवाजावर चढतो आणि गाणं मडक्यात तोंड घालून म्हटल्यासारखं वाटतं.

म्हणून 'बेस जास्त आहे का' यापेक्षा 'बेस वाजत असताना गायकाचे शब्द स्वच्छ कळतात का' हा प्रश्न विचारा. ठोका पडला आणि लगेच थांबला, तर बेस चांगला. ठोक्यानंतर गुणगुण रेंगाळत राहिली, तर नुसताच जास्त.

खोक्यावरचे आकडे किती मनावर घ्यायचे?

ड्रायव्हरचा आकार: ड्रायव्हर म्हणजे हेडफोनमधला छोटा स्पीकर. कानाभोवती बसणाऱ्या हेडफोनमध्ये तो साधारण ४० ते ५० मिमीचा असतो. मोठा पडदा जास्त हवा ढकलतो हे खरं, पण ५० मिमीचा सुमार ड्रायव्हर ४० मिमीच्या चांगल्या ड्रायव्हरपुढे फिका पडू शकतो. कानात घालायच्या इअरबडमध्ये १० मिमीच्या आसपासचा ड्रायव्हरही भरपूर बेस देतो, कारण तो कानाची नळी बंद करून बसतो.

२० ते २०,००० हर्ट्झ: हा आकडा जवळजवळ प्रत्येक खोक्यावर असतो. २० हर्ट्झचा आवाज येतो एवढंच तो सांगतो, किती जोरात येतो ते सांगत नाही. त्यावरून तुलना करू नका.

कोडेक: ब्लूटूथवरून गाणं पाठवताना ते दाबून लहान केलं जातं, त्या पद्धतीला कोडेक म्हणतात. एसबीसी सगळीकडे असतो. आयफोन एसबीसी आणि एएसी वापरतो. अनेक अँड्रॉइड फोनमध्ये एलडीएसीही मिळतो, तो सेकंदाला ९९० किलोबिटपर्यंत जातो. पण बेसवर याचा परिणाम फारच थोडा होतो. आयफोनवाल्याने एलडीएसीसाठी जास्त पैसे मोजण्यात अर्थ नाही, त्याचा फोन तो वापरणारच नाही.

बेस खरा ठरतो तो गादीवर

बेससाठी सर्वांत महत्त्वाची गोष्ट खोक्यावर कुठेच लिहिलेली नसते. ती म्हणजे हेडफोनची गादी कानाभोवती किती घट्ट बसते. गादी आणि कातडीमध्ये फट राहिली की सर्वांत आधी बेस निसटतो. चष्म्याची काडी, मोठी कानातली, दाट केस, ढिली पट्टी यातलं काहीही फट पाडायला पुरेसं असतं. एकच हेडफोन दोन मित्रांना वेगवेगळा वाजतो, त्याचं एक मोठं कारण हेच.

तपासायला सोपं आहे. गाणं चालू ठेवून दोन्ही कप तळव्यांनी हलकेच कानाकडे दाबा. बेस एकदम वाढला, तर हेडफोन तुम्हाला नीट बसत नाही. चष्मा असेल तर मऊ, जाड गादीचा हेडफोन घ्या. इअरबडला बेस नसल्याची तक्रार असेल, तर आधी खोक्यातली मोठी रबरी टोपी लावून बघा. गादीचं रेक्झिन दोनेक वर्षांत सोलवटतं आणि बेसही कमी होतो, म्हणून बदलायच्या गाद्या मिळतात का हे घेण्याआधीच पाहा.

गेमिंगची पहिली अडचण: उशीर

ब्लूटूथ हेडफोनमध्ये आवाज दाबायचा, पाठवायचा, उलगडायचा आणि मग वाजवायचा असतो. नेहमीच्या जोडणीत या सगळ्याला १५० ते २५० मिलिसेकंद सहज लागतात. व्हिडिओ बघताना हे कळत नाही, कारण ॲप चित्रही तेवढंच मागे ठेवतं. गेममध्ये ते जमत नाही; तुम्ही बटण दाबल्यावर आवाज तयार होतो. ६० फ्रेमच्या गेममध्ये एक फ्रेम साधारण १७ मिलिसेकंदांची. म्हणजे २०० मिलिसेकंद उशीर झाला, तर आवाज १२ फ्रेम मागे. तेवढ्यात समोरचा कोपऱ्यावरून आलेला असतो.

यावर तीन उपाय आहेत.

• २.४ गिगाहर्ट्झचा डोंगल: गेमिंग हेडसेटबरोबर येणारा छोटा यूएसबी डोंगल स्वतःची वेगळी जोडणी वापरतो. उशीर बहुधा २० ते ४० मिलिसेकंदांच्या आसपास राहतो. स्पर्धात्मक गेम खेळत असाल तर हाच पर्याय.
• गेम मोड: अनेक ब्लूटूथ हेडफोनमध्ये हे बटण किंवा ॲपमधली सोय असते. उशीर नक्की कमी होतो, पण खोक्यावरचा आकडा प्रत्येक फोनवर मिळेलच असं नाही. लुडो, क्रिकेट, गाड्यांच्या शर्यतीसाठी पुरेसं.
• वायर: हेडफोनला ३.५ मिमीचं भोक असेल तर वायर लावा, उशीर जवळजवळ संपतो. मात्र अनेक हेडफोनमध्ये वायर लावल्यावर आतला माईक आणि बेस वाढवणारी सोय बंद होते.

दुसरी अडचण: माईक चालू, बेस गायब

नेहमीच्या ब्लूटूथमध्ये गाणी ऐकायचा मार्ग वेगळा आणि फोनवर बोलायचा मार्ग वेगळा. गाण्यांच्या मार्गावर दोन्ही कानांना वेगळा आवाज येतो, पण माईक चालत नाही. गेममध्ये किंवा डिस्कॉर्डवर माईक चालू केला, की जोडणी बोलण्याच्या मार्गावर जाते. तिथे दोन्ही कानांत एकच आवाज येतो आणि वरची मर्यादा साधारण ४ ते ८ हजार हर्ट्झपर्यंत खाली येते. नुकसान बेसपुरतं नसतं. शत्रू डावीकडून येतोय की उजवीकडून, हेही कळेनासं होतं.

लॅपटॉपवर याचा फुकटातला उपाय आहे: ध्वनीच्या सेटिंगमध्ये जाऊन माईक म्हणून हेडफोनऐवजी लॅपटॉपचाच माईक निवडा. डोंगलवर चालणाऱ्या हेडसेटला ही अडचण येत नाही. एलई ऑडिओ या नव्या ब्लूटूथ पद्धतीत दोन्ही एकत्र चालण्याची सोय आहे, पण फोन किंवा लॅपटॉप आणि हेडफोन, दोघांनाही ती यायला हवी.

तिसरी अडचण: बेस पावलं झाकतो

मोठा खालचा आवाज त्याच्या वरच्या पट्ट्यातले बारीक आवाज झाकून टाकतो, हा कानाचा स्वभाव आहे. ढोल जोरात वाजत असताना शेजारच्याचं बोलणं ऐकू येत नाही, तसंच. शूटर गेममध्ये पावलं, दार, बंदूक भरल्याचा खटका हे कामाचे आवाज मधल्या आणि वरच्या पट्ट्यात ओळखू येतात. स्फोट, गाड्यांची इंजिनं खालच्या पट्ट्यात. बेस फुगवलेला असेल तर स्फोट भव्य वाटतो, पण त्याच क्षणी मागून आलेली पावलं निसटतात. शिवाय खोल बेसवरून दिशा जवळजवळ कळतच नाही.

म्हणून गाणी आणि गेमिंगसाठी एकच हेडफोन घ्यायचा असेल, तर बेस कमी-जास्त करता येणारा घ्या. कंपनीच्या ॲपमध्ये इक्वलायझर असणं ही इथे चैन नाही, गरज आहे. काही हेडफोनमध्ये त्यासाठी बटणच असतं. सोनीच्या 'यूएलटी वेअर'वर बेस वाढवणारं बटण आहे, स्कलकँडीच्या 'क्रशर' मालिकेत कानाजवळ कंप देणारा वेगळा भाग असतो आणि तो कमी-जास्त करता येतो. गाण्यांना बेस वाढवायचा, मॅच सुरू झाली की उतरवायचा.

इक्वलायझर वापरताना एक काळजी घ्या. बेस ६ डेसिबलने वाढवला की तिथे चौपट शक्ती लागते, १० डेसिबलने वाढवला तर दहापट. आवाज आधीच पूर्ण असेल तर तो फाटतो. त्यापेक्षा मधला आणि वरचा पट्टा थोडा खाली घ्या. बेस तेवढाच उठून दिसतो आणि आवाज स्वच्छ राहतो.

तुम्ही खेळता कशावर?

• फोनवर: कमी उशिराचा गेम मोड असलेला ब्लूटूथ हेडफोन, किंवा टाइप-सी डोंगल मिळणारा हेडसेट.
• कॉम्प्युटरवर: डोंगल आणि ब्लूटूथ दोन्ही असलेला हेडसेट. डोंगल कॉम्प्युटरला, ब्लूटूथ फोनला.
• प्लेस्टेशन ५ वर: साधे ब्लूटूथ हेडफोन थेट जोडता येत नाहीत. डोंगल किंवा वायर लागते.
• एक्सबॉक्सवर: इथेही ब्लूटूथ हेडफोन चालत नाही. खोक्यावर एक्सबॉक्सचं नाव आहे ना, हे बघूनच घ्या.
• निन्टेन्डो स्विचवर: २०२१ पासून ब्लूटूथ हेडफोन जोडता येतात, पण ब्लूटूथवरून माईक चालत नाही.

कानांचं काय?

कमी आवाजात आपल्या कानाला बेस मुळातच कमी ऐकू येतो. बेल प्रयोगशाळेतल्या हार्वे फ्लेचर आणि वाइल्डन मन्सन यांनी १९३३ साली हे मोजून दाखवलं. त्यामुळे बेस 'जाणवावा' म्हणून आपण सगळाच आवाज वाढवत नेतो, आणि धोका तिथे सुरू होतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या मार्गदर्शनानुसार प्रौढांनी ८० डेसिबलचा आवाज आठवड्याला ४० तासांपर्यंत ऐकणं सुरक्षित मानलं जातं. ९० डेसिबलला ही मर्यादा ४ तासांवर येते आणि १०० डेसिबलला अवघ्या २० मिनिटांवर. ही मर्यादा पूर्ण आठवड्याची आहे, एका दिवसाची नव्हे.

लोकलमध्ये किंवा एसटीत ऐकत असाल तर हे आणखी महत्त्वाचं. चाकांची आणि इंजिनाची घरघर खालच्या पट्ट्यातच असते, ती बेस झाकते आणि बोट आवाजाच्या बटणाकडे जातं. नॉइज कॅन्सलिंग नेमका हाच खालचा गोंगाट सर्वांत चांगला कमी करतं. म्हणून रोज प्रवास करणाऱ्याला दणकट बेसच्या हेडफोनपेक्षा नॉइज कॅन्सलिंगवाला हेडफोन कमी आवाजातही जास्त बेस देतो. रस्ता ओलांडताना मात्र ते बंद ठेवा. मुलांसाठी मर्यादा आणखी खाली, ७५ डेसिबल आहे. फोनमधली कमाल आवाजाची मर्यादा तुम्हीच लावून द्या. खेळ संपल्यावर कानात शिट्टी वाजत राहिली, तर आवाज जास्त होता असं समजा. ती शिट्टी थांबली नाही किंवा वारंवार येऊ लागली, तर कानाच्या डॉक्टरांना दाखवा.

घेण्याआधी पाच मिनिटांची परीक्षा

१. तुम्हाला पाठ असलेलं गाणं लावा, शक्यतो ढोलकी किंवा तबला असलेलं. डग्ग्याची घुमक आणि चाटीची टिचकी दोन्ही वेगळे ऐकू आले पाहिजेत.
२. आवाज अर्ध्यावर ठेवा. तिथेही बेस भरलेला वाटला पाहिजे.
३. कप दाबून बघा, मान हलवून बघा. बेस बदलता कामा नये.
४. गेम उघडून गोळी झाडा किंवा फोनच्या कीबोर्डचा आवाज चालू करून टाइप करा. बोट आणि आवाज यातलं अंतर लगेच कळतं.
५. माईक चालू करून आवाज किती बिघडतो ते ऐका.
६. पाच मिनिटं डोक्यावर तसाच ठेवा. आत्ता कान दुखला तर दोन तासांच्या खेळात जास्तच दुखेल.

ऑनलाइन घेत असाल तर ही परीक्षा घरी आल्या दिवशीच घ्या आणि मागवण्याआधी वस्तू परत घेतात की फक्त बदलून देतात, हे वाचा.

बजेट कमी असेल तर सगळं एकात शोधू नका. जास्त वेळ गाणी ऐकत असाल आणि गेम अधूनमधून खेळत असाल, तर इक्वलायझर असलेला चांगला ब्लूटूथ हेडफोन घ्या आणि मॅचच्या वेळी वायर लावा. रोज रँक चढवायच्या मागे असाल, तर डोंगलवाला हेडसेट घ्या, गाण्यांसाठी त्याचा बेस ॲपमधून वाढवता येईल. उलटं करायला गेलात तर जमत नाही. कमी असलेला बेस थोडाफार वाढवता येतो, पण ब्लूटूथमधला उशीर कुठल्याच इक्वलायझरने जात नाही.