सुएट डंपलिंग

सुएट डंपलिंग हा ब्रिटिश स्वयंपाकातील, मांसाच्या रश्शात शिजवला जाणारा पिठाचा गोळा आहे. सेल्फ-रेझिंग पीठ, सुएट म्हणजे गुरांच्या मूत्रपिंडाभोवती असणारी कठीण चरबी, मीठ आणि थंड पाणी एवढ्याच साहित्यातून तो तयार होतो. गोमांसाचा स्ट्यू शिजत आला की अखेरच्या वीस-पंचवीस मिनिटांत हे गोळे त्यावर सोडतात आणि भांड्यावर घट्ट झाकण ठेवतात. नीट जमलेले डंपलिंग फुगून मूळ आकाराच्या जवळजवळ दुप्पट होते, वरून कोरडे व मऊ आणि आतून जाळीदार असते. त्याची खालची बाजू रस्सा शोषून घेते. न जमलेले डंपलिंग गिच्च, चिवट आणि पचायला जड होते. दोन्हींचे साहित्य एकच असते. फरक पडतो तो पीठ भिजवल्यापासून झाकण उघडेपर्यंतच्या अर्ध्या तासात.

नाव आणि व्याप्ती

'डंपलिंग' हा शब्द इंग्रजीत सुमारे इ.स. १६०० पासून आढळतो. आज तो फार सैलपणे वापरला जातो. चिनी जिआओझी, नेपाळी मोमो, पोलंडमधील पिएरोगी अशा सारण भरलेल्या पदार्थांना, इतकेच नव्हे तर उकडीच्या मोदकालाही इंग्रजीत डंपलिंगच म्हटले जाते. प्रस्तुत लेखातील डंपलिंगमध्ये सारण नसते. ते भरीव पिठाचे असते आणि स्वतंत्रपणे नव्हे, तर मांसाबरोबर एकाच भांड्यात शिजते. मराठीत त्याला नेमका प्रतिशब्द नाही. शिजणाऱ्या पातळ पदार्थात कच्चे पीठ सोडून पोटभरीचे जेवण करण्याची कल्पना वरणफळांत आहे आणि उकळत्या कढीत गोळे सोडण्याची रीत कढीगोळ्यांत आहे. मात्र वरणफळांची कणीक फुगवलेली नसते आणि कढीगोळे डाळीचे असतात, म्हणून हे साम्य पद्धतीपुरतेच समजावे.

इतिहास

इंग्लंडमधील ग्रामीण घरांत दीर्घकाळ चुलीवरचे एक मोठे भांडे हेच स्वयंपाकाचे मुख्य साधन होते. भट्टी प्रत्येक घरी नसे. त्यामुळे मांस, कंदमुळे आणि पिठाचे गोळे एकाच भांड्यात, एकाच इंधनावर उकडले जात. हॅना ग्लास यांच्या इ.स. १७४७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या 'द आर्ट ऑफ कुकरी' या पुस्तकात डंपलिंगच्या अनेक कृती दिलेल्या आहेत.

प्रांताप्रांतांत या गोळ्यांचे स्वरूप वेगळे होते. पूर्व इंग्लंडमधील नॉरफोक परगण्यातील डंपलिंग यीस्टने फुगवलेल्या पावाच्या पिठाचे असते आणि त्यात चरबी नसते. ते पाण्यावर तरंगते म्हणून त्यास 'पोहणारे' अशा अर्थाचे नाव पडले. शेजारच्या सफोकमध्ये मात्र नुसत्या पीठ-पाण्याचे घट्ट डंपलिंग रूढ होते. कोणते डंपलिंग खरे, यावरून या दोन परगण्यांत जुनी चढाओढ आहे. नॉरफोकच्या रहिवाशांना 'नॉरफोक डंपलिंग' हे टोपणनावही मिळाले.

नॉरफोकमध्ये डंपलिंग मांसाच्या आधी, नुसत्या रश्शाबरोबर वाढण्याची पद्धत होती. ती चवीसाठी नव्हती. मांस थोडे आणि खाणारी तोंडे पुष्कळ, अशा घरात आधी पिठाने पोट निम्मे भरले की मांसाचा लहानसा तुकडाही पुरत असे. डंपलिंगच्या हलकेपणाचे महत्त्व या पार्श्वभूमीवर कळते. शेतमजुराच्या घरात तोच जेवणाचा मोठा भाग होता. तो दडस झाला तर संपूर्ण जेवणच बिघडे.

डंपलिंग फुगवण्याचे काम सोपे झाले ते एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास. बर्मिंगहॅमचे रसायनतज्ज्ञ आल्फ्रेड बर्ड यांनी इ.स. १८४३ मध्ये बेकिंग पावडर तयार केली. त्यांच्या पत्नीला यीस्ट सोसत नसल्याने यीस्टविना पाव करता यावा, हा त्यामागील हेतू होता. ब्रिस्टलचे हेन्री जोन्स यांनी इ.स. १८४५ मध्ये सेल्फ-रेझिंग पिठाचे पेटंट घेतले. त्यात फुगवणारी द्रव्ये आधीच मिसळलेली असल्याने यीस्ट जोपासण्याची व पीठ आंबण्याची वाट पाहण्याची गरज उरली नाही.

सुएटचे काम मात्र किचकटच राहिले. खाटकाकडून आणलेल्या चरबीवरील पातळ पडदे सोलून, ती पिठात घोळवून बारीक चिरावी लागे. गॅब्रिएल ह्युगॉन या फ्रेंच गृहस्थाने इ.स. १८९३ मध्ये मँचेस्टर येथे तयार, बारीक केलेले सुएट विकण्यास सुरुवात केली. 'अटोरा' हे त्याचे नाव बैल या अर्थाच्या 'तोरो' या स्पॅनिश शब्दावरून घेतले आहे. ब्रिटनमधील बहुतेक घरांत आजही डंपलिंगसाठी असे डब्यातील सुएटच वापरले जाते.

दुसऱ्या महायुद्धात ब्रिटनमध्ये मार्च १९४० पासून मांसाचे रेशनिंग सुरू झाले. मांसाचा वाटा वजनावर नव्हे, तर किमतीवर ठरवलेला असल्याने स्वस्त, चिवट भाग घेतल्यास थोडे अधिक मांस मिळे. असे मांस स्ट्यूलाच योग्य असते. युद्धकाळात पिठावर रेशनिंग नव्हते, त्यामुळे डंपलिंग पुन्हा पोट भरण्याचे साधन बनले. मात्र इ.स. १९४२ नंतर सर्वत्र मिळणारे पीठ कोंड्याचा बराच अंश असलेले, करड्या रंगाचे होते आणि त्यापासून हलके डंपलिंग करणे कठीण होते. पाव आणि पिठावरील रेशनिंग आले ते युद्ध संपल्यावर, जुलै १९४६ मध्ये, आणि दोन वर्षे टिकले. मांसावरील निर्बंध जुलै १९५४ मध्ये उठले.

हलकेपणाची कारणे

डंपलिंग हलके होण्यासाठी तीन गोष्टींचा मेळ साधावा लागतो. पिठात वायू निर्माण झाला पाहिजे, त्याला फुगण्यास वाव मिळाला पाहिजे आणि तो निसटण्यापूर्वी भोवतालचे पीठ शिजून घट्ट झाले पाहिजे. पाककृतींत सांगितलेले सर्व नियम या तीनांपैकी कशाशी तरी निगडित असतात.

बेकिंग पावडरमध्ये खाण्याचा सोडा आणि आम्लधर्मी क्षार असतात. ओलावा मिळताच त्यांची अभिक्रिया सुरू होऊन कार्बन डायऑक्साइड वायू सुटतो. उष्णता लागल्यावर तिचा वेग वाढतो. भिजवलेले पीठ बाजूला ठेवून दिले तर वायूचा काही भाग भांड्यात जाण्यापूर्वीच उडून जातो. यासाठी स्ट्यू पूर्ण तयार झाल्याशिवाय पिठाला पाणी लावत नाहीत.

चरबीचे काम याहून नाजूक आहे. लोणी सुमारे ३२ ते ३५ अंश सेल्सियसला वितळते, तर सुएटला साधारण ४५ ते ५० अंश लागतात. गव्हातील पिष्टमय पदार्थ सुमारे ६० अंशांपासून पाणी शोषून घट्ट होऊ लागतो. लोणी फार आधी वितळून पिठात मुरते आणि पीठ सलग, घट्ट होते. सुएटचे कण मात्र गोळा तापत असताना बराच वेळ घन राहून पिठाचे थर एकमेकांपासून अलग ठेवतात. ते वितळतात आणि लगेचच पीठ घट्ट होऊ लागते, त्यामुळे कणांच्या जागी बारीक पोकळ्या राहतात व वायू आणि वाफ त्यांत पसरते. सुएट थंड आणि सुटे का असावे, याचे उत्तर यात आहे. हाताच्या उबेने ते पिठात चोळले गेले तर त्याचा उपयोग उरत नाही.

तिसरा घटक ग्लुटेन. गव्हाच्या पिठात पाणी घालून मळले की त्यातील प्रथिनांचे चिवट जाळे तयार होते. पुरणपोळीची कणीक तिंबून तिंबून सैल करतात ती याच जाळ्यासाठी, म्हणजे पोळी न फाटता पुरण धरून ठेवते. मराठी स्वयंपाकघरातील हा सवयीचा हात डंपलिंगला मारक ठरतो. येथे पीठ मळायचे नसून केवळ एकत्र आणायचे असते. गोळ्याचा पृष्ठभाग खडबडीत राहिला तरी चालतो; गुळगुळीत गोळा बहुधा जास्त मळलेला असतो.

उरते ती उष्णता. गोळ्याचा खालचा भाग रश्शात आणि वरचा भाग वाफेवर शिजतो. पहिल्या पंधरा मिनिटांत झाकण उघडल्यास वाफ निघून जाते, वरचा भाग थंड होऊन आतील वायू आकुंचन पावतो आणि अद्याप घट्ट न झालेला गोळा खाली बसतो. तो पुन्हा फुगत नाही. आत डोकावण्याचा मोह टाळण्यासाठी काचेचे झाकण सोयीचे पडते. आचही मंदच हवी. रस्सा खदखदू लागला तर गोळ्यांच्या कडा सुटून रश्शात विरघळतात. उलट तो नुसता कोमट असेल तर पीठ शिजण्यापूर्वीच चरबी वितळून बाहेर येते.

स्ट्यूची तयारी

डंपलिंगसाठी स्ट्यू थोडा पातळ असावा लागतो, कारण गोळे बराच रस्सा पितात आणि त्यांच्यातून सुटणारे पीठ उरलेला रस्सा दाट करते. गोमांसाचे खांदा किंवा पायाकडील भाग वापरतात. या भागांतील कोलॅजनचे मंद आचेवर दोन ते तीन तासांत जिलेटिन होते; मांस मऊ पडते आणि रश्शाला अंगचा दाटपणा येतो. कांदा, गाजर, सलगम, पार्सनिप ही नेहमीची कंदमुळे, आणि काही घरांत जव किंवा बिअरही घालतात. मांस पूर्ण मऊ झाल्याखेरीज गोळे सोडू नयेत. मांसाला वेळ हवा म्हणून गोळे तासभर शिजत ठेवले तर ते पाणी पिऊन पुन्हा जड होतात.

कृती

चार माणसांसाठी १०० ग्रॅम सेल्फ-रेझिंग पीठ, ५० ग्रॅम बारीक सुएट, पाव चमचा मीठ आणि चार ते पाच मोठे चमचे, म्हणजे ६० ते ७५ मिलिलिटर, थंड पाणी लागते. पीठ आणि सुएटचे दोनास एक हे प्रमाण जुने व भरवशाचे आहे. सेल्फ-रेझिंग पीठ न मिळाल्यास १०० ग्रॅम मैद्यात सपाट एक लहान चमचा बेकिंग पावडर मिसळून चाळावी. कणकेची डंपलिंग होतात, पण ती जड होतात.

पीठ, मीठ आणि सुएट कोरडेच एकत्र करावे. पाणी एकदम न ओतता थोडे थोडे घालत सुरीच्या पात्याने कालवावे. पीठ भांड्याच्या कडेपासून सुटू लागले, सैलसर पण किंचित चिकट राहिले की पाणी थांबवावे. कोरडे पीठ नीट फुगत नाही, म्हणून थोडे अधिक ओले असणे हे थोडे अधिक कोरडे असण्यापेक्षा बरे. हाताला पीठ लावून लहान लिंबाएवढे आठ गोळे अलगद वळावेत. ते मंद उकळणाऱ्या स्ट्यूवर, फुगायला जागा ठेवून, वरच्या वर सोडावेत आणि झाकण लावून वीस मिनिटे शिजवावेत. एक गोळा काट्याने उकलून पाहिल्यास आतून पांढरा, पावासारखा सुटा दिसला पाहिजे. मध्यभागी ओलसर, चकचकीत थर असल्यास आणखी पाच मिनिटे लागतात. नॉरफोकमध्ये डंपलिंग सुरीने न कापता काट्यांनी उकलण्याचा आग्रह धरतात, आणि तो योग्य आहे. सुरीच्या दाबाने गरम जाळी मिटते.

प्रकार

पिठात चिरलेली पार्सली, थाइम, मोहरीची पूड, हॉर्सरॅडिश किंवा किसलेले चेडर चीज घालण्याची प्रथा आहे. भांडे ओव्हनमध्ये ठेवून अखेरीस झाकण काढल्यास गोळ्यांना वरून खरपूस पापुद्रा येतो. अमेरिकेतील डंपलिंगमध्ये सहसा सुएट नसते. तेथे ती कोंबडीच्या रश्शात शिजवतात आणि दक्षिणेकडील काही भागांत पीठ लाटून त्याच्या पट्ट्या सोडतात.

पाम तेलापासून केलेले वनस्पतिजन्य सुएटही मिळते. त्यामुळे भाज्यांच्या किंवा कडधान्यांच्या रश्शात शाकाहारी डंपलिंग करता येतात. तेही न मिळाल्यास गोठवलेले लोणी किसून घालणे हा कामचलाऊ पर्याय आहे. महाराष्ट्रात कायद्याने गाय, बैल आणि वळू यांच्या कत्तलीस बंदी असल्याने येथे हा पदार्थ म्हशीच्या मांसाचा किंवा मटणाचा करावा लागतो. मेंढीच्या मूत्रपिंडाभोवतीची चरबीही सुएट म्हणून चालते, मात्र तिचा वास अधिक उग्र असतो.

डंपलिंग शिजताच वाढावी लागतात. रात्रभर रश्शात राहिल्यास ती रस्सा शोषून घट्ट होतात, म्हणून उरलेले गोळे बाहेर काढून वेगळे ठेवतात आणि दुसऱ्या दिवशी स्ट्यूमध्ये थोडे पाणी वाढवून, झाकणाखाली वाफेवर गरम करतात.