गाडीचा एसी आणि उडालेला फ्यूज

गाडीतला फ्यूज म्हणजे प्लास्टिकच्या छोट्या तुकड्यात बसवलेली जस्ताच्या मिश्रधातूची बारीक पट्टी. एसीच्या एखाद्या भागाला लागणारा सगळा विद्युतप्रवाह या पट्टीतून जातो. प्रवाह प्रमाणाबाहेर वाढला की पट्टी तापते, वितळते आणि वाट तुटते. फ्यूज मोटर किंवा कॉम्प्रेसर वाचवण्यासाठी असतो, असा समज सर्रास आढळतो. खरे तर तो वायर वाचवण्यासाठी असतो. मोटर जळाली तर नवी आणता येते. डॅशबोर्डच्या आतून, गालिच्याखालून, बॉनेटखालच्या उष्णतेतून गेलेली वायर लाल झाली तर गाडीच पेटते. म्हणून फ्यूज किती अँपिअरचा असावा हे ठरवताना कंपनी त्या वाटेवरची वायर किती प्रवाह सोसेल हे आधी पाहते. एवढे ध्यानात ठेवले की फ्यूज बदलण्याचे बाकीचे नियम वेगळे पाठ करावे लागत नाहीत.

आकड्यापेक्षा प्रवाह जरासा वाढताच फ्यूज उडतो असेही नाही. गाड्यांत सर्रास वापरला जाणारा पात्यांचा फ्यूज आपल्या आकड्यापेक्षा 10 टक्के जास्त प्रवाह शंभर तास सोसेल अशा हिशेबाने बनवतात. प्रवाह 135 टक्क्यांवर गेला तर तो पाऊण सेकंद ते दहा मिनिटांच्या दरम्यान कधीही जातो. दुप्पट झाला तर पाच सेकंदांच्या आत. ब्लोअरची मोटर सुरू होताना क्षणभर बराच जास्त प्रवाह ओढते, तेवढ्याने फ्यूज जाऊ नये म्हणून ही सवलत. यातून एक गोष्ट निघते: चांगल्या गाडीत फ्यूज उगाच उडत नाही. कधीतरी वर्षानुवर्षांच्या थरथरीने पट्टीला तडा जाऊन तो तुटतो, तेवढाच अपवाद.

एसी एकाच फ्यूजवर चालतो असेही मानले जाते, पण बहुतेक गाड्यांत त्याच्या निदान तीन वाटा असतात. पहिली कॉम्प्रेसरच्या क्लचची. इंजिनाच्या पट्ट्याने फिरणारी पुली आणि कॉम्प्रेसर यांना जोडणारा हा विद्युतचुंबक जेमतेम तीन-चार अँपिअर घेतो, म्हणून त्याचा फ्यूज साधारणतः साडेसात किंवा दहा अँपिअरचा. दुसरी वाट ब्लोअरची, म्हणजे गाडीत हवा फेकणाऱ्या पंख्याची. तिथे वीस ते चाळीस अँपिअरपर्यंतचा फ्यूज लागतो. तिसरी वाट रेडिएटर आणि कंडेन्सरसमोरच्या पंख्याची, तीही तितक्याच जड प्रवाहाची. शिवाय एसीच्या बटणांना आणि नियंत्रण-यंत्रणेला अनेकदा वेगळा छोटा फ्यूज असतो.

कोणती वाट तुटली हे बॉनेट उघडण्यापूर्वीच बरेचसे कळते. जाळीतून वाराच येत नसेल तर संशय ब्लोअरच्या फ्यूजवर. मात्र ब्लोअर फक्त शेवटच्या नंबरवर चालतो आणि खालच्या नंबरांवर मुका राहतो, असे असेल तर फ्यूज शाबूत आहे. वेग कमी करणारा रेझिस्टर गेलेला आहे. वारा जोरात येतो पण साधाच, असे असेल तर क्लचची वाट पाहावी. हायवेवर थंडावा मिळतो आणि सिग्नलला गाडी थांबली की हवा कोमट होते, हे पुढचा पंखा बंद असल्याचे ठळक लक्षण. इथे दिरंगाई नको, कारण अनेक गाड्यांत हाच पंखा इंजिनही थंड ठेवतो. एसी नसला तरी चालेल म्हणून तशीच गाडी दामटली तर पुढचा खर्च इंजिनाचा असतो.

इथेच गॅरेजमधल्या एका ठरीव उत्तराची दखल घ्यावी लागते. ‘एसी थंड होत नाही’ असे सांगताच ‘गॅस संपला असेल, भरून टाकू’ असे ऐकू येते. एसीतला गॅस पेट्रोलसारखा खर्च होत नाही. तो बंद नळ्यांत फिरत राहतो आणि कमी झाला तर कुठूनतरी गळतो म्हणूनच. गळती न शोधता गॅस भरणे म्हणजे फुटक्या माठात पाणी ओतणे. यात आणखी एक मेख आहे. गॅसचा दाब फार उतरला की दाबाचा स्विच कॉम्प्रेसरला सुरूच होऊ देत नाही, त्यामुळे बाहेरून लक्षण अगदी फ्यूज उडाल्यासारखे दिसते. दोन्हींतला फरक दोन मिनिटांत कळू शकतो, तोही फुकट. म्हणून आधी फ्यूज पाहावा, गॅसचा विषय नंतर.

क्लच जिवंत आहे का हे कानांनीही समजते. इंजिन चालू ठेवून एसीचे बटण दाबले की समोरून ‘टक्’ असा आवाज येतो आणि इंजिनाचा सूर किंचित खाली जातो. बॉनेट उघडून पाहिले तर पुलीच्या तोंडाशी असलेली तबकडी पुलीबरोबर फिरू लागलेली दिसते. पाहताना ओढणी, सैल बाही आणि हात फिरत्या पट्ट्यापासून दूर असले पाहिजेत. अलीकडच्या काही गाड्यांत मात्र क्लच नसलेला, सतत फिरत राहून गरजेप्रमाणे कमी-जास्त काम करणारा कॉम्प्रेसर असतो. तिथे ही परीक्षा लागू पडत नाही.

फ्यूजच्या पेट्या सहसा दोन ठिकाणी सापडतात. एक डॅशबोर्डखाली, बहुधा चालकाच्या गुडघ्याजवळ. दुसरी बॉनेटखाली बॅटरीच्या आसपास, काळ्या झाकणाची. कोणत्या खणात काय, याचा नकाशा झाकणाच्या आतल्या बाजूला किंवा गाडीबरोबर आलेल्या पुस्तिकेत असतो. नकाशा वाचताना एक गोष्ट फसवते: बऱ्याच गाड्यांत ब्लोअरच्या फ्यूजवर ‘हीटर’ लिहिलेले असते, कारण गरम हवेसाठीही तोच पंखा चालतो. एसीचा फ्यूज शोधणारा माणूस त्याला सहज ओलांडून जातो. एकाच कंपनीच्या एकाच मॉडेलमध्ये सालागणिक आणि प्रकारागणिक मांडणी बदलते, तेव्हा दुसऱ्याच्या गाडीचा नकाशा प्रमाण मानू नये.

फ्यूज तपासायचा तर तो काढायलाच हवा असे नाही. पात्यांच्या फ्यूजच्या डोक्यावर धातूचे दोन बारीक ठिपके उघडे ठेवलेले असतात, ते यासाठीच. टेस्ट लॅम्पची चिमटी गाडीच्या रंग नसलेल्या लोखंडी भागाला लावावी, इग्निशन चालू करावे आणि टोक एकेका ठिपक्याला टेकवावे. दोन्हीकडे दिवा लागला तर फ्यूज ठीक. एकीकडे लागला आणि दुसरीकडे नाही, तर फ्यूज गेला. दोन्हीकडे लागला नाही तर फ्यूजला दोष देण्याची घाई नको. त्या खणापर्यंत वीजच आलेली नाही. काही फ्यूज रिलेच्या पुढे बसवलेले असतात आणि ब्लोअर किंवा एसी सुरू केल्यावरच त्यांना प्रवाह मिळतो. मल्टिमीटर असेल तर फ्यूज बाहेर काढून दोन्ही पात्यांमध्ये सलगता पाहता येते. नुसत्या डोळ्यांवर विसंबू नये: पट्टीतला केसाएवढा तडा उन्हात धरूनही दिसत नाही. डोळ्यांचा उपयोग वेगळ्या कामासाठी होतो. पट्टी मधोमध स्वच्छ तुटलेली असेल तर बहुधा प्रवाह हळूहळू वाढत गेला होता. प्लास्टिक आतून काळवंडले असेल, धातूचे शिंतोडे उडाले असतील तर थेट शॉर्ट झालेला आहे.

बदलण्याचे काम त्यामानाने किरकोळ आहे. इग्निशन बंद करावे, पेटीतच अडकवून ठेवलेल्या प्लास्टिकच्या चिमट्याने फ्यूज सरळ वर ओढावा आणि त्याच आकाराचा, त्याच आकड्याचा नवा फ्यूज दाबून बसवावा. पक्कड लावली तर फ्यूज फुटतो, आणि ती शेजारच्या खणाला टेकली तर दुसरा फ्यूज जातो. रंगांचा संकेत ठरलेला आहे: साडेसातला तपकिरी, दहाला लाल, पंधराला निळा, वीसला पिवळा, पंचवीसला पारदर्शक, तीसला हिरवा. पण हे रंग पात्यांच्या फ्यूजचे. बॉनेटखाली खिडकीवाले चौकोनी फ्यूज असतात, त्यांत हिरवा रंग चाळीसचा आणि गुलाबी तीसचा. म्हणून विश्वास छापलेल्या आकड्यावर ठेवावा. स्क्रूने आवळलेले मोठे फ्यूज बॅटरीची ऋण तार सोडवल्याशिवाय हाताळू नयेत. सवय नसेल तर ते इलेक्ट्रिशियनचेच काम.

फ्यूज काढल्यावर खणातल्या पितळी पकडीकडेही पाहावे. पकड सैल झाली की तिथे उष्णता साठते, प्लास्टिक पिवळे पडते आणि मऊ होते. ब्लोअरच्या खणात हे नेहमी दिसते. अशा खणात नवा फ्यूज बसवणे निरर्थक आहे; आधी पकड दुरुस्त व्हायला हवी.

जवळ दहाचा फ्यूज नाही म्हणून वीसचा लावणे हा सर्वांत महागात पडणारा उपाय. वायरमध्ये निर्माण होणारी उष्णता प्रवाहाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढते. प्रवाह दुप्पट झाला की उष्णता चौपट, आणि वायर मात्र तीच. घरातल्या जुन्या किटकॅट फ्यूजमध्ये तार वारंवार जाते म्हणून जाड तांब्याची तार गुंडाळण्याची सवय पिढ्यान्‌पिढ्या चालत आली. तीच सवय गाडीत चांदीच्या कागदाच्या रूपाने उतरली आहे. गाडी 12 व्होल्टची, तिचा काय शॉक बसणार, हा युक्तिवाद शॉकपुरता बरोबर आहे. पण बॅटरी शॉर्टच्या वेळी काहीशे अँपिअर ओतू शकते, आणि आग लावायला तेवढे पुष्कळ होतात. गॅरेजमध्ये कुणी फ्यूज वगळून ‘डायरेक्ट’ करून देतो म्हणाला तर ती दुरुस्ती नाकारावी.

नवा फ्यूज टिकला तर प्रश्न मिटला. पुन्हा उडाला तर तो केव्हा उडाला ही वेळच निदानाची किल्ली ठरते. इग्निशन चालू करताच, एसीला हातही न लावता उडाला तर फ्यूजच्या पुढची वायर कुठेतरी सोलून गाडीच्या पत्र्याला टेकली आहे. एसीचे बटण दाबताच उडाला तर क्लचचे वेटोळे किंवा त्याला जोडलेला डायोड शॉर्ट झाला असण्याची शक्यता मोठी. चांगल्या वेटोळ्याचा रोध साधारण तीन ते पाच ओहम भरतो. मीटरने एकाच्या आसपास दाखवले तर आतल्या तारेचे वेढे एकमेकांना चिकटले आहेत. थंड असताना मोजमाप बरोबर आणि वीस मिनिटे चालल्यावर फ्यूज जातो, असेही घडते, कारण वेटोळ्यावरचे वार्निश उष्णतेने दगा देते. ब्लोअरचा फ्यूज काही मिनिटांनी, विशेषतः मोठ्या वेगावर जात असेल तर मोटर जड झाली आहे: बेअरिंग सुकले आहे किंवा पंख्यात पालापाचोळा अडकला आहे.

शॉर्ट शोधण्यासाठी एकामागून एक फ्यूज जाळण्याची गरज नसते. जुने इलेक्ट्रिशियन फ्यूजच्या जागी ब्रेकलाइटचा 21 वॉटचा बल्ब जोडतात. शॉर्ट असला तरी बल्ब पावणेदोन अँपिअरहून अधिक प्रवाह जाऊ देत नाही, त्यामुळे वायर सुरक्षित राहते. बल्ब पूर्ण तेजाने पेटला म्हणजे शॉर्ट आहे. मग क्लच, मोटर, डायोड यांचे जोड एकेक करून सोडवायचे; ज्याला सोडताच बल्ब विझतो किंवा मंदावतो तो दोषी. सगळे सोडवूनही बल्ब तसाच असेल तर वायर हाताने हलवत जायचे. बल्ब जिथे लुकलुकतो तिथे ती सोललेली असते.

वायर सोलण्याचे कारण आपल्याकडे पुष्कळदा उंदीर असतो. पावसाळ्यात आणि थंडीत, अनेक दिवस उभ्या राहिलेल्या गाडीच्या बॉनेटखाली त्याला ऊब आणि आडोसा मिळतो. त्याखालोखाल कारण मागाहून बसवलेल्या वस्तू: जादा दिवे, मोठा हॉर्न, कॅमेरा यांसाठी मिळेल त्या वायरला जोड मारलेला असतो, तो टेपने गुंडाळलेला आणि टेप उन्हाने सुटलेला.

फ्यूज चांगला निघाला आणि क्लच तरीही मुका असेल तर पुढचा संशयित रिले. पेटीत त्याच क्रमांकाचा दुसरा रिले, बहुधा हॉर्नचा, सापडतो. दोघांची अदलाबदल करून एसी सुरू झाला तर दोष कळला. तेही झाले नाही तर दाबाचा स्विच, तापमानाचे सेन्सर आणि गॅस यांची पाळी येते, आणि तिथून पुढचे काम गेज आणि स्कॅनर असलेल्या माणसाचे.

हायब्रिड आणि विजेवरच्या गाड्यांत ब्लोअर 12 व्होल्टवरच चालतो, त्यामुळे त्याचा फ्यूज वरच्याच रीतीने तपासता येतो. कॉम्प्रेसर मात्र मोठ्या बॅटरीच्या काहीशे व्होल्टवर फिरतो, आणि त्याच्याकडे जाणाऱ्या केबलींचा रंग नारिंगी ठेवलेला असतो. त्या वाटेवरच्या फ्यूजला, केबलला किंवा जोडाला मालकाने हात लावू नये. ते काम प्रशिक्षित तंत्रज्ञाकडूनच करून घ्यावे.