बेचाळिशीतली आई, सत्तेचाळिशीतला लेक

१९७० सालचा ‘जॉनी मेरा नाम’ आठवा. ताटातूट झालेले दोन भाऊ, प्राण आणि देव आनंद. त्यांची आई, सुलोचनादीदी. आता जरा जन्मसालं बघा. प्राण १९२०चे, देव आनंद १९२३चे. आणि आई? १९२८ची! दोन्ही लेक आईपेक्षा मोठे, आणि पडद्यावर ते क्षणभरही खटकत नाही. हे जमलं कसं?

हातकणंगल्याहून दक्षिणेला, इचलकरंजी ओलांडून निपाणीच्या अंगाला गेलं की खडकलाट लागतं. दीदींचं हे जन्मगाव. तिथली ही पोर कोल्हापुरात मास्टर विनायकांच्या ‘प्रफुल्ल पिक्चर्स’मध्ये आली, १९४३च्या ‘चिमुकला संसार’मध्ये लहानसं काम करून गेली. पुढे भालजी पेंढारकरांच्या जयप्रभा स्टुडिओत त्या घडल्या आणि सुलोचना हे नावही भालजींनीच दिलं. गांधीहत्येनंतरच्या जाळपोळीत जयप्रभा पेटला, ‘मीठ भाकर’ची रिळं जळून गेली. भालजींनी तो चित्रपट पुन्हा उभा केला, आणि १९४९मध्ये लोकांनी त्यात सुलोचनाबाईंना पाहिलं.

मग १९५३चा ‘वहिनींच्या बांगड्या’. त्यातली वहिनी म्हणजे दीदी. मला वाटतं, मघाच्या कोड्याची किल्ली इथेच आहे. आपल्या घरांत थोरल्या भावाची बायको दिराहून वयानं लहान असली, तरी तिचा शब्द वडीलधाऱ्याचाच ना? तो मान नात्याला असतो, वयाला नाही. दीदींनी नेमकं तेच उभं केलं. म्हातारपणाचं सोंग आणलंच नाही. समोरच्याकडे बघायचं ते आईच्या नजरेनं. १९५९च्या ‘दिल देके देखो’त शम्मी कपूर त्यांचे चिरंजीव झाले. दोघांत अंतर किती? जेमतेम तीन वर्षं!

त्याच वर्षीचा बिमल रॉय यांचा ‘सुजाता’ मात्र आवर्जून पाहा. अस्पृश्य ठरवलेल्या जातीतली अनाथ पोर सांभाळणारी चारू ही त्यांची भूमिका. मुलीवर माया आहे, पण जातीची भिंत ओलांडवत नाही. ‘मुलीसारखी’ म्हणते, ‘मुलगी’ म्हणायला ओठ धजत नाहीत. एकाच चेहऱ्यावर जवळ घेणं आणि दूर लोटणं! तेव्हा दीदी अवघ्या तिशीच्या होत्या.

इटलीत सोफिया लॉरेननंही ‘टू विमेन’मध्ये पंचविशीतच आईची भूमिका केली आणि ऑस्कर मिळवलं. पण तिची पडद्यावरची मुलगी निदान लहान होती!

दीदींच्या पदरात हिंदी-मराठी मिळून शेकडो चित्रपट, १९९९ची पद्मश्री, २००९चा महाराष्ट्र भूषण. आणि १९६८चा ‘एकटी’. त्यात त्यांच्या लेकाचं काम केलं काशिनाथ घाणेकरांनी. वयात पुन्हा मोजक्याच वर्षांचं अंतर. हेच घाणेकर पुढे खऱ्या आयुष्यात त्यांचे जावई झाले.