भातुकलीचा राजा, भातुकलीची राणी

कामगार चळवळीतला माणूस व्यासपीठावर आला की तो बोनस, किमान वेतन अशा विषयांवर बोलणार, असे श्रोते धरून चालतात. आज आम्ही एका भावगीताविषयी बोलणार आहोत. वसई-विरारच्या गाळ्यांत दिवसभर यंत्रापाशी उभा राहणारा माणूसही ते गुणगुणतो. श्रमणाऱ्या माणसाने जे इतकी वर्षे जवळ ठेवले, त्याचे कारण शोधणे हे आमच्या कामाबाहेरचे नव्हे.

'भातुकलीच्या खेळामधली' हे ते गीत. शब्द मंगेश पाडगांवकरांचे, चाल यशवंत देवांची, स्वर अरुण दाते यांचा. पाडगांवकर २०१५ साली गेले, देव आणि दाते २०१८ साली. दाते हे कापड-तंत्र शिकलेले आणि अनेक वर्षे कापडगिरणीत अधिकारी; म्हणजे वाटाघाटीत आमच्या समोरच्या बाजूस बसणारे! तरीही चाळीतल्या खोलीत त्यांचा स्वर कुणाला परका वाटला नाही.

याचे पहिले कारण चालीत आहे. देवांनी 'शब्दप्रधान गायकी' नावाचे पुस्तकच लिहिले. शब्द आधी, सूर त्याच्या सेवेला, हा त्यांचा आग्रह. येथे ताना-आलापांचा पसारा नाही. गळा नसलेल्यालाही गाणे पेलते.

दुसरे कारण भातुकलीत आहे. भातुकलीचा संसार मोडतो तो कुणाच्या अपराधामुळे नव्हे. घरातून हाक येते आणि मुले उठतात. म्हणून या गीतात कुणी दुष्ट नाही, कुणी फसवलेले नाही. ऐकणारा आपली स्वतःची हकीगत त्या रिकाम्या जागेत बसवतो.

आमचे काही सहकारी म्हणतात, हे रडगाणे आहे. दोन जिवांची ताटातूट दैव करीत नाही. जात करते, हुंडा करतो, मुलाची तुटपुंजी मिळकत करते. दैवाचे नाव घेतले की खरे दोषी मोकळे सुटतात. हा आक्षेप वजनदार आहे, आणि जेथे असा दोषी दिसतो तेथे त्याच्याशी भांडलेच पाहिजे.

तथापि गीत नीट ऐकावे. राजा दैवापुढे हात जोडून बसत नाही. हे असे का व्हावे, असे तो विचारतो. राणीजवळ उत्तर नसते, आणि कवी तिच्या तोंडी खोटे समाधान घालीत नाही. प्रश्न तसाच उरतो. आमच्या मते गीताचे दीर्घायुष्य येथे आहे. उत्तर मिळालेले गाणे माणूस एकदा ऐकून उठतो. अनुत्तरित प्रश्नाकडे तो पुन्हा पुन्हा येतो. तेराव्या शतकात ज्ञानेश्वरांनी विराण्या रचल्या, त्यांतही विरहाची तळमळच गायिली आहे. तेथे विरह देवाचा, येथे माणसाचा. पण मराठी कानाला ही ओळख जुनी आहे.

प्रेमभंग झालेल्या तरुणाला आपण वडीलकीने सांगतो, 'विसर आणि कामाला लाग.' तो मान हलवतो आणि एकटा पडतो. हे गीत त्याला विसरण्यास सांगत नाही. ते त्याच्या शेजारी चार मिनिटे बसते, आणि असे दुःख त्याच्याआधीही कुणाला तरी झाले होते, एवढे त्याला कळते.

ज्या दुःखाचे मागणीपत्र करता येते, त्याचे अवश्य करावे. ज्याचे करता येत नाही, ते घेऊन कुणी आपल्यापाशी आला, तर उपदेश करण्याआधी त्याचे ऐकून घ्यावे.