जुन्या गाडीचा पंप घरी बदलताय? आधी हे वाचा

मे महिन्यातली दुपार. पंडरीच्या कापड बाजारातून लग्नाची खरेदी आटोपून तुम्ही गाडीत बसता. मागच्या सीटवर साड्यांच्या पिशव्या, पुढे घामाघूम झालेली आजी. गाडी सुरू होते, चौकापर्यंत जाते आणि दोन-तीन गचके देऊन बंद पडते. मागून हॉर्नचा गोंधळ. चार जण ढकलून तिला कडेला लावतात. अर्ध्या तासाने तीच गाडी काही झालंच नाही अशा थाटात पुन्हा सुरू होते. घरी पोहोचल्यावर कुणीतरी म्हणतंच, ‘‘आता विकून टाका हिला.’’

विकायचं की नाही ते तुम्ही ठरवा, पण गाडी जर कार्ब्युरेटरच्या जमान्यातली असेल, तर या रुसव्यामागे बऱ्याचदा एक मुठीएवढा भाग असतो. टाकीतलं पेट्रोल ओढून इंजिनकडे पाठवणारा पंप. तो काही शे रुपयांत मिळतो, दोन बोल्टांवर बसतो आणि हाताला थोडी सवय असेल, तर घरच्या अंगणातही बदलता येतो. अट एकच. खराबी खरंच पंपाची आहे ना, हे आधी कळलं पाहिजे आणि पेट्रोलशी खेळ करायचा नाही, हे घरातल्या प्रत्येकाला कळलं पाहिजे.

तुमची गाडी कोणत्या जातीची?

पहिली मारुती ८०० ग्राहकाच्या हाती पडली १४ डिसेंबर १९८३ला आणि तिचं उत्पादन थांबलं २०१४च्या जानेवारीत. या तीस वर्षांत बाहेरून गाडी फारशी बदलली नाही, पण आतून तिच्या दोन जाती झाल्या. साधारण २०००च्या आधीच्या गाड्यांमध्ये कार्ब्युरेटर आणि इंजिनच्या अंगाला लावलेला यांत्रिक पंप. नंतर आलेल्या एमपीएफआय गाड्यांमध्ये टाकीच्या आत बुडालेला विजेवर चालणारा पंप. प्रीमियर पद्मिनी आणि जुन्या अँबेसेडरमध्येही यांत्रिक पंपच. घरी बदलण्याची गोष्ट आहे ती फक्त या यांत्रिक पंपाची.

जुने मिस्त्री त्याला ‘एसी पंप’ म्हणतात. त्याचा गार हवेशी काही संबंध नाही. एसी नावाच्या जुन्या कंपनीच्या पंपांवरून ते नाव पडलं आणि टिकलं. दुकानात ‘फ्युएल पंप’ मागितलात आणि समोरचा गोंधळला, तर ‘एसी पंप’ म्हणून बघा.

त्याचं काम अगदी सोपं आहे. आत रबराचा एक पडदा असतो, त्याला डायफ्राम म्हणतात. इंजिन फिरलं की कॅमशाफ्ट पंपाची दांडी दाबतो, पडदा खाली ओढला जातो आणि टाकीतून पेट्रोल शोषलं जातं. मग स्प्रिंग पडद्याला वर ढकलते आणि पेट्रोल कार्ब्युरेटरकडे जातं. वीज नाही, वायर नाही. हातपंपासारखंच म्हणा ना. पण वीस-पंचवीस वर्षांत रबर कडक होतं, त्याला चिरा पडतात, स्प्रिंग सैल होते, आतल्या बारीक झडपा नीट मिटत नाहीत आणि ओढ कमी होते.

खराबी पंपाचीच आहे का?

इथे घाई करू नका. निम्मे पैसे इथेच वाया जातात. आमच्या गल्लीतले म्हातारे मिस्त्री, ज्यांना सगळे चाचा म्हणतात, कुठलीही बंद पडलेली गाडी पाहिली की पहिलं वाक्य हेच बोलतात, ‘‘बेटा, पहले टंकी का ढक्कन खोलके देखो.’’ आधी हसू येतं, पण कारण पक्कं आहे. टाकीतलं पेट्रोल कमी होतं तशी बाहेरची हवा आत यायला हवी. झाकणातलं हवेचं भोक बुजलं असेल, तर टाकीत पोकळी तयार होते आणि चांगला पंपही पेट्रोल ओढू शकत नाही. झाकण उघडताना ‘स्स’ असा हवा आत ओढल्याचा आवाज आला आणि नंतर गाडी सुरळीत चालली, तर नवं झाकण घ्या. पंपाला हात लावायची गरज नाही.

त्यानंतर फिल्टर. तो काळपट झाला असेल, आत गाळ दिसत असेल, तर आधी तो बदला.

मग उन्हाळ्याची करामत. रायपूरचा पारा मे महिन्यात ४४-४५ अंशांवर जातो, बॉनेटखाली तर त्याहून कितीतरी जास्त. नळीतलं पेट्रोल उकळून त्याची वाफ होते. पंप द्रव ओढण्यासाठी बनलेला आहे, वाफ त्याला नीट ढकलता येत नाही. याला व्हेपर लॉक म्हणतात. गाडी गर्दीत बंद पडते आणि गार झाली की सुरू होते, ती यामुळेच. जुने ड्रायव्हर अशा वेळी पंपावर आणि नळीवर ओलं फडकं ठेवायचे. तुम्हीही ठेवून बघा, फक्त डिस्ट्रिब्युटर आणि वायरींवर पाणी सांडू देऊ नका. फडक्याने गाडी लगेच सुरू झाली, तर दोष उष्णतेचा आहे. मात्र दर दुपारी हेच होत असेल, सकाळच्या गारव्यातही चढावर गाडी दम टाकत असेल, तर पंपाची ओढ कमी झालेली असण्याची शक्यता मोठी.

पंप स्वतःही काही खुणा देतो. त्याच्या अंगावर खालच्या बाजूला एक बारीक भोक असतं. तिथून पेट्रोल पाझरत असेल, तर पडदा फाटला आहे. दुसरी खूण जास्त महत्त्वाची. इंजिन ऑइलची पट्टी काढून वास घ्या. पेट्रोलचा वास येत असेल किंवा ऑइलची पातळी आपोआप वाढलेली दिसत असेल, तर फाटक्या पडद्यातून पेट्रोल इंजिनच्या तळाशी उतरत आहे. ऑइल पातळ झालं की बेअरिंग घासतात आणि काही शे रुपयांचं काम इंजिन उघडण्यापर्यंत जातं. अशी गाडी ‘फक्त बाजारापर्यंत’ म्हणूनही चालवू नका.

शेवटची खात्री अशी. इंजिन पूर्ण गार असताना इग्निशन कॉइलची बारीक वायर काढून ठेवा, म्हणजे ठिणगी पडणार नाही. पंपाकडून कार्ब्युरेटरला जाणारी नळी सोडवा आणि तिचं तोंड एका डब्यात धरा. दुसऱ्या कुणाला तरी दहा सेकंद स्टार्टर फिरवायला सांगा. पेट्रोलच्या ठसठशीत पिचकाऱ्या आल्या, तर पंप ठीक आहे. नुसते थेंब आले आणि झाकण-फिल्टर आधीच तपासून झाले असतील, तर पंप गेला असं समजा.

नव्या जातीची गाडी असेल तर

टाकीतला पंप घरी बदलू नका, असंच मी म्हणेन. तिथल्या नळीत दाब खूप जास्त असतो आणि काम थेट उघड्या टाकीच्या तोंडावर असतं. घरी एवढं करा. चावी ‘ऑन’ केल्यावर मागच्या सीटखालून दोन-तीन सेकंद ‘हूं’ असा आवाज येतो का ऐका. आवाज नसेल, तर पंपाचा फ्यूज आणि रिले आधी तपासून घ्या. हा पंप भोवतीच्या पेट्रोलनेच गार राहतो, म्हणून कायम रिझर्व्हवर गाडी हाकणाऱ्यांचा पंप लवकर दमतो.

आणि गॅरेजला पैसे देण्याआधी, गाडी कंपनीने परत बोलावलेली आहे का ते पाहा. २०२०च्या जुलैमध्ये मारुतीने वॅगन आर आणि बलेनो मिळून १,३४,८८५ गाड्या पंपाच्या तपासणीसाठी बोलावल्या होत्या. होंडाने ऑक्टोबर २०२४मध्ये आधीच्या वर्षांतल्या ९०,४६८ गाड्यांसाठी तेच केलं. असा पंप फुकट बदलून मिळतो. आरसीवरचा चेसिस नंबर कंपनीच्या वेबसाइटवर टाकला की कळतं. सेकंडहँड गाडी घेतलेल्यांना हे निरोप बहुतेक वेळा पोहोचतच नाहीत, कारण ते पहिल्या मालकाच्या पत्त्यावर जातात.

घरात पेट्रोल म्हणजे काय

पेट्रोल उणे ४० अंशांच्या खालीही पेट घेण्याइतकी वाफ सोडतं. ती वाफ हवेपेक्षा तीन-चार पट जड असते. ती वर उडून जात नाही, जमिनीवरून सरपटते, पायऱ्या उतरते, नाल्यात शिरते. म्हणजे गाडीजवळ कुणी काडी ओढली नाही, एवढ्याने भागत नाही. शेजारच्या खोलीतला गॅस, देवापुढची समई, कूलरचं खडखडणारं बटण, इन्व्हर्टर, सगळं हिशेबात धरा. काम उघड्या अंगणात करा, बंद गॅरेजमध्ये किंवा फ्लॅटच्या तळघरातल्या पार्किंगमध्ये नको. वेळ पहाटेची निवडा. उन्हाळ्यात सहा वाजता हवा बरी असते आणि मुलंही झोपलेली असतात.

सुती कपडे घाला. कोरड्या हवेत नायलॉनची ओढणीसुद्धा ठिणगी टाकू शकते. हाताशी पावडरवालं एबीसी अग्निशामक आणि वाळूची बादली ठेवा. पेट्रोलच्या आगीवर पाणी टाकलं, तर पेट्रोल पाण्यावर तरंगत आणखी पसरतं. नायट्राइलचे हातमोजे घाला. पेट्रोलने हात धुण्याची मिस्त्री लोकांची सवय उचलू नका, त्यात बेंझिन असतं.

दोन गोष्टी तर अजिबात नाही. नळी तोंडाला लावून पेट्रोल ओढायचं नाही. ते फुप्फुसात गेलं, तर जिवावर बेततं. आणि काढलेलं पेट्रोल कोल्ड ड्रिंकच्या किंवा पाण्याच्या बाटलीत ठेवायचं नाही, पाच मिनिटांसाठीही नाही. लहान मूल बाटली ओळखतं, आतलं ओळखत नाही. कुणी चुकून प्यायलंच, तर ओकारी काढायला लावू नका, तडक दवाखाना गाठा.

आता हात लावा

बॅटरीची निगेटिव्ह तार आधी काढा. टाकीचं झाकण क्षणभर सैल करून दाब जाऊ द्या, मग पुन्हा लावा. पंपाला बहुतेक वेळा तीन नळ्या असतात. एक टाकीकडून येणारी, एक कार्ब्युरेटरकडे जाणारी आणि एक उरलेलं पेट्रोल परत नेणारी. सोडवण्याआधी मोबाइलवर फोटो काढा, नळ्यांना रंगीत टेप लावा आणि मोबाइल घरात ठेवून या. टाकीकडच्या नळीचं तोंड बसेल अशा बोल्टने लगेच बंद करा, नाहीतर पेट्रोल गळत राहील. हे काम टाकी भरलेली असताना करूच नका.

दोन बोल्ट सोडले की पंप हातात येतो. काही गाड्यांत मागे एक छोटी दांडी असते, ती खाली पडू देऊ नका. पंप आणि इंजिनच्या मध्ये एक जाड, कडक पट्टी असते. तिला कचरा समजून फेकू नका. इंजिनची उष्णता ती पंपापर्यंत कमी पोहोचू देते आणि पंपाची दांडी किती दाबली जाईल हेही तिच्या जाडीवर ठरतं. पट्टी नसेल तर पंप तापतो आणि दांडी गरजेपेक्षा जास्त दाबली जाते. दोन लावल्या तर पंप पुरेसा ओढत नाही.

जुना गॅस्केट खरवडताना भोकात स्वच्छ फडकं कोंबा, म्हणजे तुकडे इंजिनमध्ये पडणार नाहीत. जुना पंप दुकानात सोबत न्या आणि नळ्यांची तोंडं, दांडीचा आकार जुळवून बघा. नवा पंप बसवताना तो जोराने दाबावा लागत असेल, तर कॅमचा फुगीर भाग समोर आहे. गाडी चौथ्या गिअरमध्ये टाकून थोडी ढकला, इंजिन जरासं फिरेल आणि पंप सहज बसेल. मग बोल्ट आलटून-पालटून थोडे थोडे आवळा. खालचा धातू अ‍ॅल्युमिनियमचा असतो, जास्त जोर लावलात तर आटे जातात. बाबांनी आमच्या १९९७च्या गाडीचा पंप बदलला तेव्हा मी शेजारी उभी राहून बोल्ट-वायसर वाटीत जमा करत होते. सगळं मिळून दीड तास लागला, त्यातला अर्धा तास तो गॅस्केट खरवडण्यात गेला.

नळ्याही याच वेळी बदला. माशांच्या टाकीला लावतात तसली पारदर्शक नळी स्वस्त मिळते, पण ती पेट्रोलने कडक होऊन तडकते. पेट्रोलसाठीचीच रबरी नळी आणि नवे क्लिप घ्या. ऑइलला पेट्रोलचा वास येत असेल, तर ऑइल आणि त्याचा फिल्टर बदलल्याशिवाय इंजिन सुरू करू नका.

पहिल्यांदा गाडी लगेच सुरू होणार नाही, कार्ब्युरेटर रिकामा असतो. दहा सेकंद स्टार्टर, मग थोडी विश्रांती, असं तीन-चारदा करा. सुरू झाली की पाच मिनिटं चालू ठेवून प्रत्येक जोड डोळ्यांनी बघा आणि नाकाने हुंगा. ओलसरपणा दिसला, तर तिथल्या तिथे बंद.

एक गोष्ट गेल्या काही वर्षांत बदलली आहे. आता पंपावर बहुतेक ठिकाणी ई-२० म्हणजे २० टक्के इथेनॉल मिसळलेलं पेट्रोल मिळतं आणि जुन्या गाड्यांचं रबर त्यासाठी बनलेलं नव्हतं. जुन्या वाहनांमध्ये २० ते ३० हजार किलोमीटरनंतर काही रबरी भाग आणि गॅस्केट बदलावे लागू शकतात, असं २०२५मध्ये सरकारनेच सांगितलं. म्हणून दुकानदाराला विचारा की नव्या पंपाचा पडदा इथेनॉलला चालणारा आहे का. इथेनॉल टाकीत साचलेला जुना गाळही सोडवतं, तेव्हा नव्या पंपासोबत नवा फिल्टर लावाच आणि महिन्याभराने तो पुन्हा बघा. इथेनॉल हवेतलं पाणीही ओढून घेतं. पावसाळ्यात गाडी आठवडेच्या आठवडे उभी राहणार असेल, तर टाकी अर्धी रिकामी ठेवू नका आणि पंधरा दिवसांतून एकदा भाटागावच्या बस स्टँडपर्यंत का होईना, एक चक्कर मारून आणा.