छपरावरच्या मुली आणि आईची भाषा

एक स्वयंपाकघर. मधोमध टेबल आणि भोवती घरातली सगळी माणसं. निळा ओव्हरऑल घातलेले आजोबा, त्यांच्या शेजारी दोन नाती. मक्याच्या कणसावरची सुकलेली पानं भिजवायचं काम मुलींकडे. आई त्या पानांवर मक्याचं पीठ थापतेय, काका-काकू त्यात मांसाचं सारण भरताहेत आणि आजी तयार झालेल्या गुंडाळ्या उकडण्यासाठी रचून ठेवतेय. भिंतीवर येशूच्या अखेरच्या भोजनाची तसबीर. पदार्थाचं नाव तमाले. हळदीच्या पानातल्या पातोळ्या डोळ्यांसमोर आणल्या, की साधारण कल्पना येईल. घरातले पुरुषही कामाला लागलेत, हे मुद्दाम सांगते!

हे 'तमालादा' नावाचं चित्र. चित्रकर्ती कार्मेन लोमास गार्सा, जन्म १९४८, गाव अमेरिकेतल्या टेक्सास राज्यातलं किंग्जव्हिल. चित्र पाहून प्रथम वाटतं, यात विशेष ते काय? सणावाराला कुठल्याही घरात दिसेल असं दृश्य. पण या स्वयंपाकघरात जी भाषा बोलली जात होती, तीच भाषा शाळेत तोंडातून निघाली की छोट्या कार्मेनला शिक्षा व्हायची, वर टिंगलही व्हायची. ती भाषा स्पॅनिश. शाळेत शिकवायचं ते इंग्रजीतूनच, असा कायदाच टेक्सासने १९१८ साली केला होता. दोन भाषांतून शिक्षण देण्याचा कायदा तिथे झाला १९७३ साली. तोवर कार्मेन पंचविशीला पोचल्या होत्या.

ही मंडळी तिथे आली कुठून, असा प्रश्न साहजिकच पडेल. त्यातली पुष्कळशी कुठूनच आलेली नव्हती. टेक्सास १८३६ साली मेक्सिकोतून फुटलं आणि १८४५ साली अमेरिकेत सामील झालं. मग दोन्ही देशांत युद्ध झालं. २ फेब्रुवारी १८४८ रोजी ग्वादालुपे इदाल्गो येथे तह झाला. टेक्सास धरून मेक्सिकोचा निम्म्याहून अधिक मुलूख अमेरिकेकडे गेला. माणसं आपापल्या घरातच होती, हद्द तेवढी त्यांच्या अंगणावरून पलीकडे सरकली. १ नोव्हेंबर १९५६च्या गोष्टी घरात ऐकत वाढलेल्या आपल्या वाचकांना यापेक्षा जास्त समजावून सांगायला नको. अर्थात तुलना इथेच थांबवलेली बरी. तिथे दोन देश होते आणि एकाने दुसऱ्याचा प्रदेश लढाई करून घेतला होता.

पुढे रेल्वेच्या, शेतीच्या कामासाठी आणि १९१०च्या मेक्सिकन क्रांतीच्या धामधुमीत आणखी लोक आले. 'चिकानो' हा शब्द एके काळी त्यांना हिणवण्यासाठी वापरला जाई. १९६०च्या दशकात तिथल्या तरुणांनी तोच शब्द उचलला आणि छाती पुढे काढून स्वतःला लावून घेतला. याच काळात त्यांची कला भिंतींवर आली, कारण कलादालनांची दारं त्यांच्यासाठी फारशी उघडत नव्हती.

सॅन दिएगो शहरातल्या लोगन वस्तीची हकिगत तर सांगायलाच हवी. या वस्तीच्या मधून १९६३ साली महामार्ग गेला. १९६९ साली डोक्यावरून कोरोनाडोचा भलामोठा पूल गेला. घरं पडली, शेजार तुटला. पुलाखालच्या जागेत बाग करून देऊ, असं आश्वासन मिळालं होतं. २२ एप्रिल १९७० रोजी तिथे बुलडोझर आले. चौकशी केली तर कळलं, बाग नव्हे, महामार्ग पोलिसांचं ठाणं होणार! बायका, मुलं, विद्यार्थी सगळे यंत्रांसमोर उभे राहिले आणि बारा दिवस जागा अडवून बसले. ठाणं रद्द झालं, बाग झाली. १९७३पासून पुलाच्या त्याच सिमेंटच्या खांबांवर चित्रं चढू लागली. ज्या चिकानो पार्कवर बुलडोझर चालणार होता, त्याचा आज अमेरिकेच्या राष्ट्रीय ऐतिहासिक स्थळांत समावेश आहे.

योलांदा लोपेस याच शहरात १९४२ साली जन्मल्या. ग्वादालुपेची मेरीमाता मेक्सिकन घराघरांत असते. अंगावर ताऱ्यांचा शेला, भोवती किरणं, नजर खाली झुकलेली. योलांदा यांनी १९७८ साली तीन चित्रं केली आणि त्या किरणांमध्ये देवीच्या जागी आपल्या घरातल्या बायका आणल्या. एका चित्रात पायात बूट घालून धावत सुटलेली त्या स्वतः. दुसऱ्यात शिवणयंत्रावर बसून तोच ताऱ्यांचा शेला शिवणारी आई. आई खरोखरच शिवणकामावर घर चालवत होती. तिसऱ्यात शेल्यावर शांत बसलेली आजी, एका हातात सुरी, दुसऱ्यात सोललेली सापाची कात. मला तिन्हींत आईचं चित्र अधिक आवडतं. देवीचं वस्त्र कुणीतरी शिवलेलं असतं, हे आधी कधी मनातच आलं नव्हतं. संग्रहालयातलं योलांदा यांचं पहिलं स्वतंत्र प्रदर्शन त्यांच्याच शहरात ऑक्टोबर २०२१मध्ये भरलं. सप्टेंबरमध्ये त्या गेल्या होत्या.

आता पुन्हा कार्मेनकडे. चळवळीतली बरीच चित्रं मोठ्याने बोलतात. कार्मेन यांची चित्रं हळू आवाजात बोलतात, पण लपवत काही नाहीत. एका चित्रात अंगणातली आजी रात्रीच्या जेवणासाठी कोंबडीची मान पिरगाळतेय आणि नातवंडं डोळे विस्फारून पाहताहेत. वाढदिवस, कलिंगडाच्या फोडी, निवडुंगाची भाजी, झाडपाल्याचं औषध देणारी बाई, सगळं जसं होतं तसं. शाळेतल्या त्या जखमांवर आपली चित्रं म्हणजे कोरफडीचा गर आहे, अशा अर्थाचं त्या सांगतात. भाजलं-खरचटलं की घरातलं वडीलधारं माणूस मायेने लावतं, तो. आमच्या सासूबाई कोरफडीला 'लोळेसर' म्हणतात. त्या रागावल्या की कन्नड आणि लाडात आल्या की मराठी. नातवंडांना दोन्ही नीट कळतं आणि दोन्हींचा फायदाही घेता येतो!

१९९० साली कार्मेन यांचं 'फॅमिली पिक्चर्स – क्वाद्रोस दे फामिलिया' हे मुलांसाठीचं पुस्तक निघालं. प्रत्येक चित्राची गोष्ट इंग्रजीतही आणि स्पॅनिशमध्येही, एकाच पुस्तकात. नातवंड इंग्रजी वाचू शकतं, आजी स्पॅनिश, आणि चित्र दोघांचं. पुढे लॉस एंजेलिसमधल्या एका प्राथमिक शाळेला कार्मेन यांचं नाव देण्यात आलं.

त्यांच्या आईला स्वतःलाही चित्रकलेची ओढ होती. तंबोल्यासारखा 'लोतेरीया' नावाचा एक खेळ असतो, त्यात आकड्यांऐवजी चित्रं असतात. त्याचे पत्ते आई घरीच रंगवायची. तेच लेकीचे पहिले धडे. तेराव्या वर्षी कार्मेनने ठरवून टाकलं, आपण चित्रकार व्हायचं. 'कामास पारा सुएन्योस' म्हणजे 'स्वप्नांसाठी अंथरुणं' हे त्यांचं चित्र आज वॉशिंग्टनच्या स्मिथसोनियन कलासंग्रहालयात आहे. दोघी बहिणी रात्री घराच्या छपरावर बसून चंद्राकडे बोट दाखवत पुढच्या आयुष्याच्या गप्पा मारताहेत. खाली खिडकीत दिवा आहे. आत आई त्यांची अंथरुणं घालतेय.